घरचा दगा, कागदाची साक्ष : नाट्यलेखकांचे प्रश्न

या अंकासाठी आलेली बहुतेक पत्रं एकाच विषयावरची आहेत. घरातल्यांनीच घरातल्याला फसवलं, त्यातून गुन्हा घडला आणि त्यावर नाटक किंवा एकांकिका लिहायची आहे. उत्तरं देताना महसूल, नोंदणी आणि पोलीस कामकाजाचा तपशील मुद्दाम दिला आहे, कारण अशी नाटकं बहुतेक वेळा तिथेच ढिली पडतात.

प्रश्न : दोन अंकी नाटक लिहिते आहे. वडील वारल्यावर आखाजीला (अक्षय्य तृतीयेला) माहेरी आलेल्या बहिणीला थोरला भाऊ 'वारस लावायचे कागद आहेत' असं सांगून तालुक्याला नेतो आणि हक्कसोडपत्र करून घेतो. दुसऱ्या दिवशी सातबारा पाहिल्यावर तिला कळतं. हे पटेल का? आणि तिच्या हातात मग काय उरतं? (एक वाचक, अमळनेर)

उत्तर : फसवणूक पटेल, 'दुसऱ्या दिवशी' पटणार नाही. आणि तुमचा सगळ्यात भारी प्रसंग तुम्ही पडद्यामागे ठेवला आहे.

शेतजमिनीतला हक्क सोडायचा तर दस्त नोंदवावाच लागतो, नोंदणी अधिनियम १९०८ च्या कलम १७ प्रमाणे. ओसरीवर बसून कागदावर अंगठा घेतला आणि हक्क गेला, असं होत नाही. म्हणजे बहिणीला दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात जावंच लागणार. तो प्रसंग रंगमंचावर आणा. बाहेर दस्तलेखकाचं टेबल, टंकून तयार ठेवलेला दस्त, नंबराची वाट बघत बाकावर बसलेली माणसं. आत गेल्यावर संगणकाला जोडलेल्या छोट्या कॅमेऱ्यासमोर फोटो, यंत्रावर अंगठा, कागदावर सह्या. ओळख पटवणारे दोन जण सोबत लागतात. आणि मग साहेब तिला थेट विचारतात की हा दस्त तुम्ही करून दिला, हे कबूल आहे का?

फसवणूक त्या प्रश्नाशी होते. भावाने एस.टी.त सांगून ठेवलेलं असतं, 'साहेब विचारतील, हो म्हणायचं.' ती हो म्हणते. तिच्यावर कुणी जबरदस्ती केलेली नसते, कुणी आवाजही चढवलेला नसतो. दगा त्या 'हो'मध्ये आहे, आणि नाटक तिथे दोन क्षण थांबलं पाहिजे.

ओळख पटवणारे दोघे कोण, हे नीट ठरवा. एक भावाचा मित्र चालेल. दुसरा तिचा सख्खा मामा असू द्या. त्याने दस्त वाचला होता का? पुढे दिवाणी दाव्यात तोच साक्षीला उभा राहतो, म्हणून ही निवड पहिल्या अंकात झाली की दुसऱ्या अंकाला आपोआप पाया मिळतो.

आणखी एक धागा तुमच्याच कथेत आहे. वारस नोंदीसाठी दुय्यम निबंधकाकडे जायची गरजच नसते. तो अर्ज मृत्यूच्या दाखल्यासह आणि वारसांच्या प्रतिज्ञापत्रासह तलाठ्याकडे जातो (पदाचं नाव आता ग्राम महसूल अधिकारी, पण गावात तलाठीच म्हणतात), किंवा ई-हक्क प्रणालीवरून ऑनलाइन होतो. 'वारस लावायला रजिस्ट्री कशाला?' हा एक प्रश्न धाकट्या सुनेच्या तोंडी द्या. शंका उघड करायला तेवढं पुरेसं आहे.

आता सातबाऱ्याकडे. दस्त नोंदला की त्याची माहिती तलाठ्याकडे जाते, तो गाव नमुना ६ मध्ये फेरफार (हक्कबदलाची नोंद) धरतो, हितसंबंधितांना नोटीस काढतो आणि चावडीवर लावतो. हरकतीला १५ दिवस असतात. त्यानंतर मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतो आणि मगच सातबाऱ्यावरून नाव कमी होतं. हे १५ दिवस म्हणजे तुमच्या नाटकाचं घड्याळ. अशा प्रकरणात प्रत्यक्षात घोळ होतो तो नोटिशीच्या पत्त्यावर. दस्तात बहिणीचा पत्ता भावाने माहेरचाच घातलेला असतो, त्यामुळे नोटीस त्याच्याच हातात पडते. सासरी बसलेल्या बहिणीला ती 'आपली चावडी' या संकेतस्थळावर दिसू शकते, फुकट, पण बघायचं हे तिला कुणी सांगितलेलं नसतं. तिची दहावीतली मुलगी मोबाइलवर गाव निवडते आणि आजोळचा गट नंबर ओळखते, असा प्रसंग तुम्हाला सहज जमेल.

तिच्या हातात काय उरतं? पुष्कळ. मुदतीत हरकत घेतली तर नोंद वादग्रस्त म्हणून सुनावणीला लागते. नोंद प्रमाणित झाली तरी ६० दिवसांत प्रांताकडे अपील करता येतं. पण दस्त फसवून घेतला की नाही, हे मंडळ अधिकारी ठरवत नाही. त्यासाठी दिवाणी न्यायालयात दस्त रद्द करण्याचा आणि वाटपाचा दावा लावावा लागतो. दस्त रद्द करून मागण्याची मुदत फसवणूक कळल्यापासून तीन वर्षं आहे. 'सातबाऱ्यावरून नाव गेलं, आता संपलं' असं वाक्य एखाद्या पात्राने घाबरून म्हणावं, वकिलाने म्हणू नये. फेरफाराने मालकी जन्माला येत नाही आणि मरतही नाही. ती नोंद महसुलासाठी असते.

वाट्याचा हिशोबही नाटकात एकदा स्पष्ट ऐकू यावा. सहा एकर, म्हणजे सातबाऱ्यावर साधारण २ हेक्टर ४३ आर. आई, दोन भाऊ, एक बहीण. वडिलांनी मृत्युपत्र केलेलं नसेल तर चौघांना सारखा वाटा येतो, दीड एकर, ६० गुंठे. जमीन वडिलोपार्जित असेल तर मुलीचा हक्क जन्मापासूनचा आहे. हिंदू वारसा कायद्यातली ही दुरुस्ती ९ सप्टेंबर २००५ पासून लागू झाली. त्या दिवशी वडील हयात असण्याची गरज नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२० रोजी स्पष्ट केलं. २० डिसेंबर २००४ च्या आधी रीतसर वाटप होऊन गेलं असेल तर मात्र ते मोडत नाही. म्हणून तुमच्या नाटकातलं साल आधी पक्कं करा, मग संवाद लिहा.

प्रश्न : माझ्या एकांकिकेत धाकटा मुलगा वडिलांचं खोटं मृत्युपत्र पुढे करतो. 'नोंदणी झालेली नाही, म्हणून खोटं' असं वकील सिद्ध करतो. एका परीक्षकांनी हे चूक म्हटलं. मग खोटेपणा कसा पकडावा? (एक वाचक, शहादा)

उत्तर : परीक्षकांचं बरोबर आहे. मृत्युपत्राला नोंदणी सक्तीची नाही आणि मुद्रांकही लागत नाही. लागतात ते दोन साक्षीदार. करणाऱ्याने सही करताना त्यांनी पाहिलं पाहिजे, किंवा 'ही माझी सही' असं त्याने त्यांच्यापुढे कबूल केलं पाहिजे, आणि प्रत्येकाने त्याच्यादेखत सही केली पाहिजे. कोर्टात त्यांपैकी किमान एकाला, तो हयात असेल तर, तपासावं लागतं. ज्याला सगळं मिळतं त्यानेच कागद करवून घेतला, बायकोला काही कारण न देता वगळलं, सही थरथरती आहे, अशा संशयाच्या जागा कागद पुढे करणाऱ्यालाच दूर कराव्या लागतात. हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने १९५८ मध्येच सांगितलं आहे.

पण रंगमंचावर हे सगळं बोलण्यात जातं. प्रेक्षकाला दिसेल असा एक दाखला द्या, आणि तो खानदेशातलाच द्या. मागची तारीख घातलेल्या कागदात आजचे शब्द शिरतात, तिथे लबाडी सापडते. नंदुरबार जिल्हा १ जुलै १९९८ रोजी झाला. त्याआधी शहादा, तळोदा, अक्कलकुवा धुळे जिल्ह्यात होते. १९९५ च्या मृत्युपत्रात 'तालुका शहादा, जिल्हा नंदुरबार' असेल तर तो कागद १९९५ चा नाही. जळगाव आणि धुळे या दोन्ही महानगरपालिका २००३ मध्ये झाल्या, त्याआधी नगरपालिका होत्या. रुपयाचं ₹ हे चिन्ह २०१० मध्ये आलं. कथा फार जुनी असेल तर १९६० पूर्वीच्या कागदात 'पूर्व खानदेश', 'पश्चिम खानदेश' हवं.

तुमच्यासाठी सगळ्यात जवळचा पुरावा आधारचा. देशातलं पहिलं आधार २९ सप्टेंबर २०१० रोजी तुमच्याच तालुक्यातल्या टेंभली गावात दिलं गेलं. २००८ ची तारीख असलेल्या मृत्युपत्रात साक्षीदाराच्या सहीखाली आधार क्रमांक लिहिलेला असेल तर? शहाद्याच्या प्रेक्षकाला टेंभली समजावून सांगावी लागणार नाही. आणि हे शोधणारा वकील नको. गावात आधारचं शिबिर भरलं होतं तेव्हा रांगेत उभी राहिलेली सून किंवा आई असावी. तिच्या आठवणीतून ते निघालं पाहिजे. 'नंतर पुन्हा टंकून घेतलं' हा बचाव टिकत नाही, कारण मृत्युपत्र म्हणून पुढे येतो तो सह्यांचा मूळ कागद.

कागद मुद्रांकावर असेल तर पाठीमागे विक्रेत्याची नोंद असते : अनुक्रमांक, तारीख, घेणाऱ्याचं नाव. तीच नोंद विक्रेत्याच्या वहीतही असते. पण हा दाखला पुष्कळ नाटकांत येऊन गेला आहे. आधार घ्या, आणि एकच घ्या. तीन-तीन पुरावे दिले की खोटं करणारा मूर्ख वाटतो आणि त्याची भीती निघून जाते.

प्रश्न : केळीच्या बागेत रात्री मोटार चालू करायला गेलेला बाप शॉक लागून मेला असं मुलगा सांगतो. खून आहे हे शेवटी कळतं. पोलीस तपास कसा दाखवावा? कलमं कोणती? (एक वाचक, यावल)

उत्तर : कलमं घटनेच्या तारखेवर ठरतात. घटना १ जुलै २०२४ च्या आधीची असेल तर भारतीय दंड संहिता, खुनाला ३०२ आणि फसवणुकीला ४२०. त्या दिवसापासून पुढची असेल तर भारतीय न्याय संहिता, खुनाला १०३ आणि फसवणुकीला ३१८. खटला कधी चालला, याने फरक पडत नाही.

असा मृत्यू आधी 'अकस्मात मृत्यू' म्हणून नोंदतात, बोलीत 'एडी'. पोलीस पाटील खबर देतो. जागेचा पंचनामा आणि प्रेताचा पंचनामा वेगळे होतात, पंच हजर असतात. शवविच्छेदनानंतर डॉक्टर शंका असेल तिथे मृत्यूचं कारण राखून ठेवतात, व्हिसेरा (तपासणीसाठी काढलेले अवयवांचे भाग) सीलबंद होऊन नाशिकसारख्या प्रादेशिक न्यायसहायक प्रयोगशाळेकडे जातो. अहवाल यायला आठवडे, कधी महिने जातात. नाटकात तो दुसऱ्या दिवशी फोनवर सांगितला जातो आणि तिथेच जाणकार प्रेक्षक सुटतो. मधला काळ वापरा. दहावा, तेरावा, उत्तरकार्य, पाहुण्यांची ये-जा, आणि या सगळ्यात अहवालाची वाट बघत घरात वावरणारा मुलगा.

विजेचा अपघात म्हटला की महावितरणचे लोक आणि विद्युत निरीक्षकही चौकशीला येतात. तुमच्या कथेची किल्ली इथेच आहे. शेतीच्या फीडरला (वीजवाहिनीला) वीज ठरलेल्या वेळापत्रकाने येते, एक पाळी दिवसा तर एक रात्री, आणि मध्ये बिघाड झाला तर उपकेंद्राच्या नोंदवहीत वेळ लिहिली जाते. मुलगा म्हणतो, 'अण्णांना सव्वाबाराला शॉक बसला.' उपकेंद्राच्या वहीत त्या फीडरचा पुरवठा ११.४० ते १.२५ बंद. ही वही ऑपरेटरने टेबलावर उघडून ठेवायची, बोट फिरवत ओळीवर यायचं. संवादाची गरज नाही.

दुसरी खूण बागेचीच, केळीचा चीक. कापडावर पडला की काळसर तपकिरी डाग बसतो आणि कितीही धुतला तरी निघत नाही. यावल-रावेरच्या घरात असे डागाळलेले कपडे खुंटीवर असतातच, म्हणून कामाच्या सदऱ्यावरचा डाग काहीच सिद्ध करत नाही. तो लग्नाला घातलेल्या इस्त्रीच्या सदऱ्यावर हवा. 'मी त्या रात्री भुसावळला लग्नात होतो' म्हणणाऱ्या मुलाचा तोच सदरा आई दगडावर घासते आहे, घासता घासता थांबते. हा प्रसंग अहवालाच्या आधी ठेवा.

नेपथ्याबद्दल थोडं. पाच बाय पाच फुटांवर लागण असेल तर एकरी साधारण १,७४० खांब (केळीची झाडं) बसतात. निसवणीच्या (घड बाहेर पडू लागलेल्या) बागेत पानं डोक्यावर एकमेकांत मिसळतात, दोन ओळींपलीकडचा माणूस दिसत नाही. तेव्हा 'मी बांधावरून पाहिलं' असं साक्षीदाराला म्हणू देऊ नका. त्याने ऐकलं असेल. पाण्याचा आवाज, वाळलेल्या पानांवर पाय पडल्याचा आवाज.

आणि ज्यासाठी खून केला ते त्याला मिळत नाही, हे लक्षात ठेवा. हिंदू वारसा कायदा १९५६, कलम २५ : खून करणारा किंवा त्याला साथ देणारा मेलेल्याच्या मालमत्तेचा वारस होऊ शकत नाही. नवऱ्याच्या मार्फत त्याच्या बायकोलाही ते मागता येत नाही, असा सर्वोच्च न्यायालयाचा २००५ चा निकाल आहे. ज्या सुनेने 'आपल्या लेकरांसाठी' म्हणून गप्प राहायचं ठरवलं, तिला हे कलम कोर्टाच्या व्हरांड्यात कळू द्या.

प्रश्न : थोरला भाऊ फारच दुष्ट वाटतो, असं तालमीत सगळे म्हणाले. तो माणूस वाटावा म्हणून काय करू? (एक वाचक, पाचोरा)

उत्तर : त्याला एक वही द्या. लोभी माणूस स्वतःला लोभी समजत नाही, त्याला वाटतं आपलं येणं बाकी आहे. वीस वर्षं शेती त्याने कसली, धाकटा नोकरीला पुण्याला. बोअर दोनदा कोरडी गेली, ठिबकचे हप्ते, विविध कार्यकारी सोसायटीचं पीककर्ज, बापाचं ऑपरेशन, सगळं त्याच्या अंगावर. लाल कापडी पुठ्ठ्याच्या वहीत त्याने हे सालवार लिहून ठेवलं आहे. तिथपर्यंत प्रेक्षक त्याच्या बाजूने असतो. मग पान उलटतं आणि बहिणीच्या लग्नाचा खर्चही त्याच रकान्यात निघतो, व्याजासकट. तिथे माणूस बदलतो, आणि तुम्हाला एकही दुष्ट वाक्य लिहावं लागत नाही.

त्याला घाईही हवी. फक्त 'जमीन हवी' हे कारण पुरत नाही, आजच का हवी? सुरत-नागपूर महामार्गालगत गट असेल तर भूसंपादनाची नोटीस सातबाऱ्यावर नाव असलेल्यांना येते आणि मोबदल्याच्या कागदावर त्या सगळ्यांच्या सह्या लागतात. मोजणीचे खुंट ठोकले गेले की इतकी वर्षं 'राहू दे, बहिणीचं नाव असलं तर काय बिघडतं' म्हणणारा माणूस वारसांची नावं मोजायला लागतो. खुंट दिसले पाहिजेत. लाल रंग लावलेलं टोक, बांधापासून चार हात आत.

नंदुरबारकडच्या आदिवासी कुटुंबावर लिहित असाल तर एक पथ्य पाळा. आदिवासीची जमीन बिगरआदिवासीला परवानगीशिवाय विकता येत नाही (महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, कलम ३६ आणि ३६अ). तिथे 'भावाने सावकाराला विकून टाकली' हे सरळ खरेदीखताने दाखवू नका.

प्रश्न : विम्यात आणि बँकेत नॉमिनी मुलगा आहे. म्हणजे सगळे पैसे त्याचेच ना? (एक वाचक, भुसावळ)

उत्तर : बँकेतले नाहीत. तिथे नॉमिनीला पैसे मिळतात, पण तो वारसांच्या वतीने घेतो आणि वारस त्याच्याकडे वाटा मागू शकतात. विम्यात २०१५ च्या दुरुस्तीपासून आईवडील, नवरा-बायको किंवा मुलं नॉमिनी असतील तर लाभ त्यांचाच मानला जातो. तुमच्या कथेला उपयोगी गोष्ट वेगळी आहे. पॉलिसी तीन वर्षांच्या आतली असेल तर कंपनी दाव्याची बारकाईने चौकशी करते, तीन वर्षं झाल्यावर पॉलिसीवर आक्षेप घेता येत नाही. चौकशीला येणारा माणूस शेजाऱ्यांकडे बसून चहा घेतो आणि हळूहळू विचारतो. ते पात्र पोलिसापेक्षा जास्त धाक निर्माण करील.

मुखत्यारपत्रावर जमीन विकल्याचंही तुम्ही लिहिलं आहे. मुखत्यारपत्र देणारा मेला की ते संपतं. विक्रीची तारीख मृत्यूनंतरची ठेवलीत तर तो व्यवहार म्हणजेच गुन्ह्याचा पुरावा झाला. चुकून नाही, मुद्दाम तसं ठेवा.

प्रश्न : सगळं नाटक अहिराणीत लिहावं का? (एक वाचक, धुळे)

उत्तर : कुटुंब कुठलं त्यावर आहे. धुळे, साक्री, अमळनेरकडचं असेल तर अहिराणी हवीच. यावल-रावेरचं लेवा कुटुंब असेल तर त्यांची बोली लेवा गणबोली आहे. तिथे अहिराणी घातली तर गावातला प्रेक्षक पहिल्या वाक्यालाच ओळखतो. गुजर घरात गुजरी, सातपुड्यात भिली, पावरी. 'खानदेशी म्हणजे अहिराणी' हे समीकरण सोडा.

एकाच घरातही भाषा बदलू द्या. आई अहिराणीत, पुण्याचा धाकटा प्रमाण मराठीत, थोरला दोन्हीकडे सरकणारा. पैशाची गोष्ट आली की तो अहिराणीत मऊ होतो, 'तुना वाटा कोठे जास, बहीन? पन दवाखानाना पैसा कोनी दिना?' आणि कागद पुढे करताना प्रमाण मराठीत कोरडा होतो. ते सरकणं नटाला आवाजात घेता येतं.

रजिस्ट्रीचा प्रसंग तुमच्याही नाटकात आहे, म्हणून सांगतो. साहेबांचा प्रश्न छापील मराठीत ठेवा, 'सदर दस्तऐवज करून दिल्याचे कबूल आहे का?' बहिणीला 'सदर' कळत नाही, 'दस्तऐवज' अर्धवट कळतो. ती आधी भावाकडे बघते, मग साहेबांकडे, आणि म्हणते, 'हाव.' त्यानंतर फक्त छपाई यंत्राचा आवाज.